पडद्यावर उठलेलं डोकं

थिएटरात चोरून चित्रित केलेल्या सिनेमात प्रेक्षकांची डोकीही येतात. आमच्या कॉम्प्युटरवर असंच एक डोकं उठलं आणि नेमकं बाबांना झाकून गेलं. सिनेमातलं बाबांचं पहिलंच काम, पोस्टमनचं.

"कोण हो हा मेला, तुमच्याच वेळी उठला?" आई म्हणाली.

"लागली असेल त्याला," बाबा हसले, पण खुर्ची पुढे ओढून बसले.

'चोरीचा सिनेमा पाहू नका' ही पत्रकं गावभर मीच वाटली होती आणि इंटरनेटवरून ही प्रत दोन दिवस खपून उतरवलीही मीच. मग पाहायचा कुठे? तालुक्याच्या एकुलत्या एका टॉकीजने तो लावला नाही, सीडी निघाली नाही, घरबसल्या पैसे भरून पाहायचे दिवस अजून यायचे होते. दाराला कुलूप घालायचं आणि खिडकीतून आलेल्याला चोर म्हणायचं, हा कुठला न्याय? पण बाबांना काम देणाऱ्यांच्याच पोटावर मी पाय देत होतो, हेही खोटं नव्हतं. तिकीट काढून मध्येच उठू शकणाऱ्या त्या शहरी माणसाचा मला हेवा वाटला.

"मागे घे रे," बाबा म्हणाले, "आवाज तरी ऐकू."

मी मागे घेतलं. बाबांनी डोळे मिटले आणि आपली वाक्यं ओठांतल्या ओठांत म्हणून घेतली.