डावा ब्रेक

अपंगांना व्हीलचेअर वाटणाऱ्या एका संस्थेसाठी मी फिल्म बनवतो, आणि त्या खुर्च्या बसवून देणारा नाशिकचा फिटर माझा एकही शॉट धड होऊ देत नाही.

शिबिरात कोणी पहिल्यांदा खुर्चीत बसून हसलं की मी कॅमेरा चेहऱ्यावर नेतो. नेमका तेव्हाच हा पाना घेऊन मध्ये वाकतो. बाजूला व्हा म्हटलं तर मान वर न करता म्हणतो, "दोन मिनिटं, भाऊ. पाय लोंबकळतायत." मग त्या माणसाला पुन्हा बाकावर बसवतो. त्याची दोन मिनिटं अर्ध्या तासाची असतात. तोवर ऊनही जातं आणि हसूही.

परवा नवी फिल्म ऑफिसात दाखवली. शेवटचा शॉट मी सुरगाण्याकडे एकट्याने जाऊन घेतलेला. उतारावर आमच्या संस्थेच्या खुर्चीत बसलेली बाई, मागे डोंगर, कलती उन्हं. आमच्या मॅडमनी डोळे पुसले. मागे उभा असलेला हा म्हणाला, "परत लावा जरा." चला, एकदाचं याला काहीतरी आवडलं, असं मला वाटलं.

त्याने पडद्यावर बोट ठेवलं. "डावा हात बघा. चाक आवळून बसलीय. डावा ब्रेक लागत नाय. कुठल्या पाड्यावरची बाई ही?"

"फिल्म देणगीदारांना पाठवून झालीये," मी वैतागून म्हणालो.

"फिल्म राहू द्या. बाईचं नाव सांगा."

उजेड चांगला होता म्हणून वाटेत गाडी थांबवली होती. तीनदा तिला त्या उतारावर बसवलं होतं. नाव विचारलं नव्हतं.