टाकीतले सुखी मासे

हे कृपासागरा, नदीत तू करंगळीएवढा मासा घडवलास. ना देह मोठा, ना रूप मोठे. परंतु पाणी नासले की सर्वांआधी तळमळणारा जीव त्याला दिलास. त्याच हातांनी तू आमचे एक पंपवालेही घडवलेस, आणि त्यांना मात्र नुसत्या मिशा दिल्यास!

पाणीपुरवठ्याच्या खोलीत काचेची टाकी होती. नदीचे पाणी आधी तिच्यातून वाही. त्यातले ते इवले मासे तडफडू लागले की पंपवाल्यांनी मुख्य झडप बंद करायची. नोकरी ती एवढीच. एकदा त्यांनी ती केली, शहर दिवसभर कोरडे राहिले आणि साहेब कडाडले, "पुन्हा मासे मेलेले दिसता कामा नयेत!" आता आज्ञाधारकपणाची थोरवी पाहा. पंपवाल्यांनी नदीची नळी काढली आणि टाकीला आवारातल्या विहिरीचे पाणी जोडले! मासे गुबगुबीत झाले, साहेब प्रसन्न झाले, आणि पंपवाल्यांची मान इतकी ताठ झाली की जेवताना त्यांना स्वतःचे ताट दिसेना.

एका सकाळी पंपवाल्यांची पत्नी डबा घेऊन आली, ती नाक मुरडतच.

"अहो मत्स्यराज, नळाला घाण वास येतोय. लेक बाळाची बाटली त्याच पाण्यानं भरतेय."

"उगाच काहीतरी! मासे बघ माझे, कसे नाचतायत."

"विहिरीच्या जिवावर! तुम्हीच नाही का घरी फुशारकी मारलीत?" तिने तपासणीसाठी भरून ठेवलेल्या नदीच्या पाण्याच्या बादलीकडे बोट दाखवले. "सोडा एक त्यात. घाबरता कशाला?"

त्यांनी सोडला. मासा दोनदा गरकन फिरला आणि कुशीवर कलला. मिशा खाली आल्या.

"साहेब काय म्हणतील गं?"

धन्य तो आजोबा, ज्याला आधी साहेब आठवला!

"साहेब गेले खड्ड्यात! बाळ काय म्हणेल ते सांगा. त्याला तर अजून बोलताही येत नाही."

तेव्हा कुठे ते हात झडपेच्या चाकाला लागले. पत्नीने मासा ओंजळीत घेऊन टाकीत परत सोडला आणि घरी फोन केला, "बाटली ओतून दे आधी!" पाठोपाठ साहेबांचा फोन खणखणला.

"झडप का बंद? मासे ठीक आहेत ना?"

पंपवाल्यांनी एकदा टाकीकडे पाहिले. "ठीक आहेत साहेब. टाकीत विहिरीचं पाणी आहे. मीच जोडलं."

देवा, त्या मिशा हव्या तर पुन्हा वर कर. पण ते बाळ निरोगी राहो, त्याच्या बाटलीत निर्मळ पाणी पडो, त्या माउलीची जीभ अशीच धारदार राहो, आणि त्या घरावर तुझी छाया अखंड राहो.