मंग मी कोन होती?

सुमनबाई गेल्याचा फोन आला तेव्हा मी भंडाऱ्याला नव्या वकिलाकडेच बसलो होतो, तिच्याच पोराच्या कामासाठी. रडू नंतर आलं, आधी संताप आला. एवढ्या पेश्या, कोर्टाच्या एवढ्या तारखा केल्या, आणि अपील ऐकायची वेळ आली तर ही बया निघून गेली!

बाई माझी थोरली बहीण. मोहाडीजवळच्या खेड्यात थोडी धानाची शेती, नवरा लवकर गेलेला, एकुलता एक गजू. बांधीत, म्हणजे धानाच्या वाफ्यात, पाणी सोडण्यावरून चार-पाच जणांची मारामारी झाली, एकाचं डोकं फुटलं आणि गजूला दोन वर्षांची शिक्षा लागली. काठी त्यानं मारली नव्हती, असं बाई पहिल्यापासून सांगायची. भंडाऱ्याच्या वरच्या कोर्टात अपील टाकलं. गजू आत, आणि प्रत्येक पेशीला कोर्टाचं फाटक उघडायच्या आधी ही फाटकावर. वकीलसाहेबांचं मात्र सदा कुठंतरी लग्न, नाहीतर दुसरं कोर्ट, नाहीतर ताप. जामिनाचा अर्जही तसाच पडून. मी चिडून म्हणायचो, "वकील बदल." तर मलाच दटावायची, "काहून बदलू? भला मानूस हाये. यीन म्हनला ना!" भला माणूस! डोकं आपटून घ्यावंसं वाटायचं.

बाईची समजूत एकच... आपण हजर असलो म्हणजे झालं. शिपायानं गजूच्या नावाचा पुकारा केला की ही मागच्या बाकावरून खणखणीत आवाजात, "आली जी मी, आली!" शिपाई हसायचा. "मावशी, तुमी नोका बोलू. वकील पायजे."

मग एका पेशीला पुन्हा वकील आला नाही. अपील खारीज. कारण काय, तर अपीलकर्त्यातर्फे कोणीही हजर नाही. मी तिला वाचून दाखवलं. ती म्हणाली, "कोनीच नोहतं मन्ते? मंग मी कोन होती?"

खरी चीड याची, की असं अपील फेकून देताच येत नाही. आम्ही नागपूरला हायकोर्टात गेलो, तर त्यांनी तेच सांगितलं: वकील येत नसेल तर सरकारी खर्चानं दुसरा द्या, कागद वाचा, आणि काय तो निर्णय करा. वकिलाच्या गैरहजेरीची शिक्षा कैद्याला कशाला? अपील परत भंडाऱ्याला आलं. पण एवढं वदवून घेण्यात केवढा काळ गेला, आणि पोरगं आत! तेवढ्यात बाईचं हृदय थांबलं. गजूला पोलिसांच्या गाडीतून वैनगंगेच्या घाटावर आणलं, अग्नी देऊन झाल्यावर परत नेलं.

पुढच्या पेशीला नवा वकील आला, उभा राहिला, बोलला. जजसाहेबांनी साक्षी वाचल्या. गजूच्या हातात काठी पाहिली, असं एकाही साक्षीदारानं म्हटलेलं नव्हतं. ऐकायला जेवणाच्या सुट्टीपर्यंतही वेळ लागला नाही. पोरगं निर्दोष सुटलं. अरे बाप्पा, एवढंच काम होतं ना? एवढ्यासाठी माझ्या बहिणीला झिजवलंत?

गजूला मीच घरी घेऊन गेलो. आई नाही हे त्याला सांगायला नको होतं, त्यानंच तर अग्नी दिला होता. तरी आंगणात पाय ठेवताच सवयीनं त्याच्या तोंडून हाक निघालीच, "माय, आलो वं!"

आम्ही सगळे, घरचे-शेजारचे, तिथंच उभे होतो. कोणालाच ओ देता येईना.