हाय-तसं पेंटर

आमच्या मंगळवार पेठेतल्या पेंटरांना खोटं बोलता यायचं, खोटं काढता यायचं नाही. "उद्या देतो की" म्हणून गिऱ्हाइकाला महिनाभर खुशाल झुलवतील, पण गालावरचा तीळ तसूभर सरकवणार नाहीत. गेलेल्या माणसाचं फोटोवरून तैलचित्र काढणं हा त्यांचा धंदा. नातेवाइकांनी सुधारणा सुचवली की एकच उत्तर, "हाय तसं काढणार." पेठेत त्यांचं तेच नाव पडलं.

शेजारच्या तालमीचे वस्ताद वारले. कुस्त्या खेळून त्यांचे कान मोडून भज्यांसारखे झालेले. मुलं नोकरदार. म्हणाली, "पेंटर, कान तेवढे सरळ करा." पेंटर म्हणाले, "कान सरळ केलं की वस्ताद जातोय आणि क्लार्क ऱ्हातोय. कुणाचं काढू?" मुलांनी नाराजीनंच चित्र नेलं. पुढं ते तालमीनं मागून घेतलं.

ब्रश धुता धुता ते मला चित्रकलेचा इतिहास सांगत. "राजानं बोलवलं की चित्रकार त्याला उंच करायचा. देवळात बोलवलं की देवाला चार हात द्यायचा. मग फोटू आला, लोकास्नी वाटलं, आता खरं दिसंल. आता मोबाइलच गोरं करून देतोय. तुमचा फोटू बघितला कालच. कोण हाईत ते पावणं?"

त्यांच्या बायकोचे, आमच्या काकूंचे, दात पुढं होते. शेवटच्या दुखण्यात काकू माझ्यादेखत म्हणाल्या, "माझं चित्र काढशीला, तर दात तेवढं आत घ्या. जल्मभर लोक हसलं, भिंतीवर तरी नको." पेंटर सवयीनं बोलून गेले, "हाय तसं काढणार." काकूंनी भिंतीकडं तोंड फिरवलं. त्याच आठवड्यात त्या गेल्या.

मग पेंटरांनी दुसरं कुणाचं काम घेतलं नाही. काकूंचं चित्र दात आत घेऊन काढलं, "ही कोण बाई?" म्हणून खरवडलं. दात बाहेर ठेवून काढलं, तेही खरवडलं. माणूस वाळत चालला. मला त्यांची काळजी वाटायला लागली.

वर्षश्राद्धाला चित्र भिंतीवर आलं. काकूंनी हसताना नेहमी घ्यायच्या तसा तोंडावर पदर घेतलेला, आणि डोळे हसून बारीक झालेले. मला रडू आवरेना. पाहुणे पांगल्यावर मी विचारलं, "पेंटर, शेवटी दात गाळलेच ना?"

"गाळतोय कशाला? आधी दातच काढलं, हाईत तसं. चार दिस वाळू दिलं. मग वरनं पदर काढला."