चैत्रात मोजलेला ओढा

सकाळच्या शिफ्टला चाकणला निघाले होते, तेवढ्यात भावाचा फोन आला. "आप्पाकाका गेले." आणि माझ्या मनात पहिलं काय यावं? आता त्यांच्या अर्जाच्या सुनावणीचं काय! स्वतःचीच लाज वाटली. पण काका असते तर त्यांनीही तेच विचारलं असतं.

आप्पाकाका माझे चुलते, सरकारी मोजणीदार. निवृत्तीनंतर मोशीच्या घरात नकाशे पसरून बसायचे. नव्या नकाशावर जुन्याचा ट्रेसिंग पेपर ठेवून बोट फिरवायचे. "हितं आपली बाजरी होती बघ, तिथंच आता तुझ्या सोसायटीची लिफ्ट. अन् म्हाळुंग्याचा माळ तर पार कंपन्यांनी भरला!" शहर कसं वाढलं, हे मी त्या बोटामागून शिकले. एकदा सहज विचारलं, "काका, जुन्यात इथं ओढा आहे, मग नव्यात गाडीवाट कशी?"

काकांनी नकाशावरचं बोट उचललं. म्हणाले, "त्यो नकाशा म्याच काढलाय. चैत्रात मोजणी केली. ओढा ठणठणीत कोरडा, त्यातनं बैलगाड्यांच्या चाकोऱ्या. म्या वाट म्हणून लिवलं." जुना नकाशा उघडून बघायचा त्यांनी कंटाळा केला, एवढंच. आता त्याच 'वाटे'वर भराव टाकून इमारत उठणार होती, आणि पावसाळ्यात ओढ्याचं पाणी शेजारच्या वस्तीत घुसणार होतं.

काकांनी नकाशा दुरुस्तीचा अर्ज ठोकला. जुने सहकारी समजवायला आले, "राव, या वयात कशाला आपल्याच हातानं नाव घालवताय?" काका असे भडकले! "नाव माझं एकट्याचं हाय. पाणी कुणाच्या घरात शिरंल?" तेव्हा मला त्यांचा केवढा अभिमान वाटला होता. सांगायचं मात्र राहून गेलं, याची हळहळ अजून जात नाही.

महिना झाला त्यांना जाऊन. परवा सुनावणी आहे, मी रजा टाकलीय. काल नकाशे घ्यायला त्यांच्या खोलीत गेले. टेबल तसंच होतं; ट्रेसिंग पेपर उडू नये म्हणून चार कोपऱ्यांवर ओढ्यातलेच चार गोटे. ते बाजूला केले, पेपर उचलला, तर खाली जबाब लिहून ठेवलेला. 'मोजणी माझी. चूक माझी.' खाली त्यांची सही. त्याखाली 'समक्ष' असं लिहून साक्षीदाराची जागा मोकळी सोडलेली.

त्यांनी चूक कबूल केली तेव्हा समोर मीच होते. तिथंच टेबलाशी बसून मी सही केली.