यानाचा दोरा

सुतारकाकांनी तरुणपणी परभाषेतल्या एका अंतराळपटासाठी लाकडी यान बनवलं होतं आणि ते काळ्या दोऱ्याला टांगलं होतं. ‘दोरा कुणाच्या बापाला दिसायचा नाही,’ ही त्यांची फुशारकी घरात सगळ्यांना पाठ होती. आज जावयाने तोच सिनेमा लख्ख एचडीमध्ये, सबटायटल्ससह लावला. कप्तानाच्या कपाळावरचा घामसुद्धा मोजता येत होता. मग दोरा कसा लपणार, म्हणून काका खुर्चीच्या टोकाला सरकले.

यान आलं. वरचा दोरा स्पष्ट चकाकला. पण नेमका तेव्हाच कप्तान बोलत होता आणि सगळे खालच्या ओळी वाचत होते.

“मानलं बाबा! दोरा कुठेच नाही,” जावई म्हणाला.

काकांनी श्वास सोडला, तोच काकू कानाशी पुटपुटल्या, “इतक्यांदा दाखवलात, मला संवाद पाठ आहेत. मी वरच बघत होते. जावयासमोर बोलत नाही, पण यापुढे फुशारकी बंद.”