कशावरनं वळाखलं?

बाळासोंचं सगळं आयुष्य लोकांच्या पायांकडं बघण्यात गेलं. उचगावच्या रस्त्याकडेला त्यांचं चपलांचं दुकान. दुकान कसलं, चार पत्रे आणि बसायला पोतं! गिऱ्हाईक आलं तरी मान वर व्हायची नाही. पाय बघूनच नाव घेणार. लोकांना त्याचं केवढं कौतुक! त्याच कौतुकानं म्हाताऱ्याचा घात केला.

आठ वर्षांपूर्वी भर दुपारी दुकानासमोरच एकानं एकाला भोसकलं. बाळासो खाली मान घालून चपलेची चामडी वेणी विणत होते. किंकाळी ऐकून त्यांनी नजर उचलली, ती पळणाऱ्याच्या पायांपर्यंतच पोचली. पायांत त्यांनी स्वतः गावातल्या संग्रामसाठी केलेली दुहेरी वेणीची चप्पल.

"ओळखलंस काय रे?" फौजदारानं विचारलं.

"व्हय की! संग्राम."

फौजदारानं 'चेहरा स्पष्ट पाहिला' असं लिहून टाकलं, बाळासोंनी सही केली. कोर्टातही तेच. आपण खोटं बोलतोय हे त्यांच्या मनातही आलं नाही. आपल्या हातची चप्पल काय आणि तिचा माणूस काय, त्यांच्या लेखी एकच. संग्रामला जन्मठेप लागली.

अन् गेल्या दिवाळीत संग्रामचा धाकटा भाऊ उदयसिंह तीच चप्पल तळ बदलायला घेऊन आला. "दादाची हाय. आमी दोघं पयल्यापास्नं आलटूनपालटून घालायचो की," तो सहज बोलून गेला. मग त्या दुपारी ती कुणाच्या पायांत होती, बाळासोंना कळेना. त्या दिवसापासून अन्न गोड लागेना, डोळ्याला डोळा लागेना.

आज हायकोर्टात संग्रामच्या अपिलाची सुनावणी होती. कुणी बोलावलं नसताना बाळासो मागच्या बाकावर जाऊन बसले. आत सगळं इंग्रजी. त्यातून आपलं नाव तेवढं कळायचं, आणि मेलं तेच सारखं येत होतं. मधल्या सुट्टीत त्यांनी संग्रामच्या वकीलबाईंना, अक्षताला, व्हरांड्यात गाठलं.

"ताई, काय चाललंय आत?"

"तुमच्या साक्षीवरच सगळं अडलंय, काका. सरकारी वकील म्हणतात, सात पावलांवरून चेहरा बघितला, माणूस ओळखीचा, वैर काही नाही. मग विश्वास का ठेवू नये?"

"म्या चेहरा बघितलाच न्हाय."

बाळासोंनी चपलेचं, भावाचं, सगळं सांगून टाकलं.

"आणि आठ वर्षं गप्प बसलात?" ती उसळलीच.

"वळाखलं का, असं समद्यांनी इचारलं. कशावरनं, ते एकानं बी इचारलं न्हाय. तुमच्या आदीच्या वकिलानं बी न्हाय." म्हाताऱ्यात भांडायचंही त्राण उरलं नव्हतं.

"हे लिहून दिलंत तर खोट्या साक्षीबद्दल तुमच्यावरच खटला होईल. कळतंय ना?"

"हुंदे. दमलो बगा मी."

अक्षतानं घाईघाईनं कागद काढला. आठ वर्षांत पहिल्यांदाच या खटल्यात काही हाताला लागत होतं. "म्हणजे संग्रामनं खून केला नाही, असंच ना काका?"

"केला बी असंल, पोरी," बाळासो म्हणाले. "मला ठावं न्हाय. तवा बी ठावं नव्हतं."